यशूच्या हातांची सीडी

इंदूरहून कुरिअरने आलेलं पाकीट शीलाने चपला पायात असतानाच फोडलं. आत एक सीडी होती आणि तिच्यावर निळ्या मार्करने मोठ्या अक्षरात लिहिलं होतं, 'आई'. लेक लग्न होऊन गेली त्याला सहा-सात महिने होत आले होते. एवढ्या दिवसांत तिच्याकडून जे काही यायचं ते नवऱ्याच्या, मिलिंदच्या फोनवर यायचं. शीलाच्या नावाने आलेली ही पहिलीच वस्तू.

यशोधराला जन्मापासून ऐकू येत नव्हतं. घरात सगळे तिला यशू म्हणायचे, पण ती हाक तिच्यापर्यंत पोचायची नाही, म्हणून शीलाने तिला हाताचं नाव दिलं होतं. गालावरच्या खळीत टेकवलेलं बोट म्हणजे यशू. कपाळावरच्या कुंकवाला लावलेलं बोट म्हणजे आई. हनुवटीखाली हेल्मेटचा पट्टा ओढल्यासारखं केलं की पप्पा, कारण मिलिंद एमआयडीसीतल्या कंपनीत स्कूटरने जायचा. कल्याणच्या शाळेत यशूला ओठ वाचायला आणि तोंडाने बोलायला शिकवत. वर्गात हात बाकावर ठेवायचे, असा तिथला दंडक होता. त्यामुळे शाळेतून घरी आली की दप्तर टाकायच्या आधी तिचे हात सुटायचे. शीला भाकऱ्या थापता थापता मान वळवून बघायची आणि पिठाच्या हातांनीच उत्तर द्यायची. वर्षांमागून वर्षं मायलेकींच्या त्या बोलण्यात इतकं काही साठत गेलं, की मिलिंदला स्वतःच्या घरात निम्मंही कळायचं नाही. 'काय म्हणते?' असं तो विचारायचा, आणि कितीतरी वेळ चाललेलं बोलणं शीला एका वाक्यात सांगून मोकळी व्हायची.

यशूचं लग्न नाशिकला भरलेल्या मूकबधिरांच्या मेळाव्यात जमलं. आकाशलाही ऐकू येत नव्हतं. त्याचे आजोबा विदर्भातून इंदूरजवळच्या महूला जाऊन राहिलेले, तो स्वतः इंदूरच्या एका छापखान्यात कामाला. मुलगा सरळ होता. पहिल्या भेटीतच त्याने यशूला तिकडच्या मूकबधिर मंडळाच्या खुणा दाखवायला सुरुवात केली, ज्या सगळीकडच्या बहिऱ्या माणसांना कळतात त्या. यशू भराभर शिकत होती, चुकत होती, हसत होती. शीला समोर बसून बघत होती. तिला फार बरं वाटलं, आणि आपण जरा बाजूला सरकलो असंही वाटलं. ते तिने कुणाला सांगितलं नाही.

लग्नानंतर सगळं एसएमएसवर आलं. मिलिंदचा फोन साधा, काळ्या-पांढऱ्या पडद्याचा. यशू लिहायची ते मोजकं. जेवण झालं, ठीक आहे, आई कशी. लिहिण्यात तिचा हात कधीच फारसा बसला नव्हता. मिलिंद वाचून दाखवायचा आणि शीला विचारायची, अजून काय? एवढंच आहे, असं तो म्हणायचा. शीलाला ते पटायचं नाही. एवढंसंच बोलणारी पोर नव्हती ती.

म्हणून सीडी बघून तिचा जीव थाऱ्यावर राहिना. मिलिंदने ती डीव्हीडी प्लेअरमध्ये घातली. आत थोडा वेळ घरघर झाली आणि टीव्हीवर इंग्रजीत एक ओळ आली. मिलिंदने सीडी काढून शर्टाला पुसली, पुन्हा घातली. पुन्हा तीच ओळ.

ही फाइल चालत नाही म्हणतंय, असं त्याने सांगितलं. शीलाला त्याचा अर्थच लागेना. पोरीने पाठवली आहे, आपल्या हातात आहे, मग चालत नाही म्हणजे काय?

रविवारी दोघं उल्हासनगरला चार नंबर कॅम्पात गेले. तिथे गोप नावाच्या सिंधी माणसाचं लग्नाच्या व्हिडिओंचं दुकान होतं. यशूच्या लग्नाचं शूटिंग आणि मिक्सिंग त्यानेच केलं होतं. गोपभाईने चष्मा डोक्यावरून डोळ्यांवर ओढला आणि सीडी कॉम्प्युटरला लावली. आत लहान लहान सात-आठ तुकडे होते.

मोबाइलवर घेतलेलं आहे, थ्रीजीपी आहे, असं तो म्हणाला. हा फाइलचा एक प्रकार, म्हणजे एक डबा समजा; मोबाइलला हा डबा उघडता येतो, तुमच्या प्लेअरला येत नाही. चित्र आत आहेच, फक्त प्लेअरला उघडता येईल अशा डब्यात ते भरून द्यावं लागेल. शीलाला हे पटकन समजलं. ती अंबरनाथच्या औषध कंपनीत पॅकिंगला होती, गोळ्या या खोक्यातून त्या खोक्यात जाताना तिने आयुष्यभर पाहिल्या होत्या. गोपभाईने खात्री करायला एक तुकडा लावला. पडद्याच्या मधोमध काडेपेटीएवढं चित्र उमटलं आणि त्यात यशू होती. शीला खुर्चीवरून उठून उभी राहिली. काडेपेटीएवढ्या चित्रात लेक अगदी नीट दिसत होती.

घरी टीव्हीवर मात्र तिचं काहीच्या काही झालं. नवीन सीडी पहिल्या फटक्यात लागली खरी, पण काडेपेटीतलं चित्र टीव्हीभर ताणलं गेलं होतं. यशूचा चेहरा ओल्या काचेआड असावा तसा दिसत होता. ती गप्प बसलेली असेपर्यंत तिचे डोळे, टिकली कळत होती. तिने हात उचलले की बोटं नाहीशी व्हायची. त्यांच्या जागी कातडीच्या रंगाचे चौकोन सरकत राहायचे आणि हात कुठेतरी थांबला की पुन्हा बोटं यायची. हात निघतो कुठून आणि पोचतो कुठे, तेवढं शीलाला दिसत होतं. बोलणं मधल्या वाटेवर असतं, आणि तेच गेलं होतं. शिवाय प्रत्येक तुकडा मध्येच तुटायचा.

तरी ती पुन्हा पुन्हा लावून बघत राहिली. जिना. सासू. सासू चांगली आहे. गच्चीवर काहीतरी, बहुतेक कपडे. मग एका तुकड्यात यशूने पोटावर हात ठेवला. तो हात तिथे थोडा वेळ राहिला, म्हणून स्पष्ट दिसला. त्यानंतर तो उचलला गेला आणि त्याचे चौकोन झाले.

शीलाने मिलिंदला हाक मारली. त्यानेही पाहिलं.  मग मिलिंदने फोन घेतला आणि सावकाश अक्षरं दाबत लेकीला विचारलं, आई विचारते, पोटाचं काय? बऱ्याच वेळाने उत्तर आलं. आई व्हिडिओ बघ, त्यात सांगितलं.

शीलाला हसू फुटलं. बरोबरच होतं तिचं. असली बातमी पोरगी बापाच्या फोनवर कशी लिहील? दुसऱ्या दिवशी पॅकिंगच्या बेल्टवर तिने शेजारच्या कौसाबाईला हळूच सांगितलं, आणि जेवणाच्या सुट्टीपर्यंत सगळ्या बायकांना कळलं. संध्याकाळी तिने ट्रंकेतून जुन्या, धुऊन धुऊन मऊ झालेल्या साड्या काढल्या आणि दुपट्यांचे तुकडे कापायला घेतले. पण कापता कापता तिचं लक्ष टीव्हीकडे जायचं. कितवा महिना, उलट्या होतात का, डोहाळे कसले, हे सगळं पोरीने सांगितलं होतं आणि ते आपल्या घरात, त्या सीडीत पडून होतं.

पुढच्या रविवारी ती पुन्हा गोपभाईसमोर जाऊन बसली. हे स्वच्छ करून द्या म्हणाली.

"भाभी, जो मोबाइल ने लिया ही नहीं, वो मैं कहाँ से लाऊँ?" गोपभाई म्हणाला.

मग त्याने तिला ते समजावून सांगितलं, निम्मं हिंदीत, निम्मं मराठीत, पडद्यावर बोट ठेवून. व्हिडिओ म्हणजे एका सेकंदात एकामागून एक निघालेले पुष्कळ फोटो. सगळे पूर्ण ठेवायचे म्हटलं तर जागा पुरत नाही. म्हणून मोबाइल काय करतो, जे हलत नाही ते एकदाच लिहून ठेवतो आणि पुढच्या फोटोत फक्त बदल झाला तेवढं लिहितो. भिंत तीच, खुर्ची तीच, ते पुन्हा कशाला लिहायचं? दाबून बसवणं म्हणतात ते हे. जागा भरपूर असली तर दाबलेलं कळतही नाही. पण यांनी मोबाइल एमएमएसवर ठेवून शूटिंग केलंय. एमएमएस म्हणजे फोनवरून पाठवायचा चित्रसंदेश, त्याला अगदी चिमूटभर जागा. फोटोही कमी घेतले, तेही बारके. त्यात मागे हा फुलाफुलांचा पडदा, तो पंख्याच्या वाऱ्याने हलतोय. सगळी जागा फुलांनी खाल्ली. हात सर्वांत जोरात हलतात, त्यांच्या वाट्याला काही उरलंच नाही.

"शादी में चल जाता है," तो म्हणाला. "लोग चेहरा देखते हैं. हाथ कौन देखता है?"

"आमची मुलगी हातानेच बोलते," शीला म्हणाली.

 लग्नात शूटिंग करताना गोपभाईला नवरानवरी बहिरे आहेत हे माहीत होतं, पण त्याचा याच्याशी संबंध त्याने लावला नव्हता. त्याने तो तुकडा स्वतःहून पुन्हा लावला, चौकोन सरकताना पाहिले. मग एकेक गोष्ट सांगत गेला आणि मिलिंद तिथेच बसून ती लेकीला एसएमएसने पाठवत गेला. मागे साधी भिंत घे. खिडकीकडे तोंड करून बस. फोन कुणाच्या हातात नको, कशावर तरी टेकवून ठेव. अंगात गडद, बिनफुलांचं घाल. सावकाश बोल. एमएमएसवर ठेवू नकोस, आणि कुणाचा कॅमेरा मिळाला तर फारच छान. सीडी करून देणाऱ्या सायबर कॅफेवाल्याला सांग, काही लहान करू नकोस, जसंच्या तसं सीडीवर घाल.

शीलाने आणखी एक विचारायला लावलं, पहिले तुकडे फोनमध्ये आहेत का म्हणून. उत्तर आलं, काढून टाकले, फोन भरला होता.

दुसरी सीडी यायला बरेच दिवस लागले. मंडळातल्या एका मित्राकडून आकाशने डिजिटल कॅमेरा मागून आणला होता. पाच मिनिटांच्या आतबाहेरचं बोलणं, पण त्याने अख्खी सीडी भरली होती. घरच्या प्लेअरने तीही नाकारली. मिलिंद वैतागला, कारण फाइलच्या नावाच्या शेवटी एव्हीआय होतं आणि प्लेअरच्या खोक्यावरही एव्हीआय चालतं असं छापलेलं होतं. गोपभाईने सांगितलं की डबा तोच असला तरी आतला माल वेगळ्या पद्धतीने भरलेला असू शकतो, प्लेअरला ती भरण्याची रीतही कळावी लागते. शीला म्हणाली, खोकं तेच, आतली गोळी वेगळी. गोपभाई हसला. मी याची डीव्हीडी करतो म्हणाला, पाच मिनिटांना अख्खी डीव्हीडी देतो, काही दाबत नाही. त्याने बघायला सुरुवातीचं चित्र लावलं, तेव्हा शीलाने मान फिरवली. इथे नको, मी घरी बघते, असं ती म्हणाली.

घरी ती टीव्हीच्या इतकी जवळ बसली की मागे मिलिंदला काही दिसेना. यशू पांढऱ्या भिंतीपुढे बसली होती, अंगात गडद निळा ड्रेस. सगळं दिसत होतं. बोटातली अंगठी. मनगटावर भाजल्याचा नवा डाग. नखांची कड. पोर वाळली होती. तिने गालाच्या खळीत बोट टेकवलं, मग कपाळाला लावलं, आणि बोलू लागली.

शीलाने पहिल्यांदा नुसतं पाहून घेतलं. मग समजून घ्यायला दुसऱ्यांदा लावलं, तेव्हा तिच्या लक्षात आलं की हात दिसताहेत, बोटं दिसताहेत, तरी मध्येच काहीतरी निसटतंय. यशू पाणी म्हणाली ते वेगळंच म्हणाली. बाजार वेगळा, काल वेगळा. घरच्या खुणांच्या मध्ये मध्ये आकाशच्या मंडळाच्या खुणा मिसळल्या होत्या, आणि कुठली कुणाची हे बहुधा पोरीच्याही ध्यानात राहिलं नव्हतं. आधीच्या-पुढच्या बोलण्यावरून शीला अंदाज बांधत गेली. शेवटाकडे यशूने पोटावर हात ठेवला. मग दोन बोटं दाखवली. मग मूठ छातीशी नेली आणि तिथून बाजूला नेत एकेक बोट उघडलं. हे करताना तिने मान खाली घातली. त्यानंतर वर बघून ती म्हणाली, ये. ही मात्र त्यांची घरची खूण होती, पंजा उपडा धरून बोटं आपल्याकडे ओढायची.

"लाजली बघा," शीला म्हणाली. "दोन महिने झालेत."

पण मुठीची ती खूण काही तिला उलगडेना. मिलिंदला वाटलं दवाखाना असेल. शीलाला वाटलं, बाळंतपणाला तिकडे ये असं म्हणत असेल. रिमोटने थांबवून, पुढे सरकवून, पुन्हा मागे घेऊन तिने ती खूण पाठ केली. अर्थ मिळाला नाही. फोन करून विचारूया का, म्हणजे एसएमएस करूया का, असं मिलिंद म्हणाला, तर तिने नको म्हटलं. पोरीने दोनदा सांगितलं आहे. आईला तिसऱ्यांदा विचारावं लागतं, हे तिला कळायला नको होतं.

शेवटी मिलिंदलाच कीर्ती टीचरची आठवण झाली. कल्याणच्या शाळेत यशूला सगळ्यांत जास्त वर्षं त्यांनीच शिकवलं होतं, आणि आता त्या बदलापूरला, बेलवलीत राहत होत्या.

शनिवारी दुपारी दोघं गेले तेव्हा तिकडे लोडशेडिंग चालू होतं. टीचरने खिडक्या उघडून त्यांना बसवलं, चहा केला. यशू किती हट्टी होती, 'ळ' म्हणायला तिला किती महिने लागले, हे सगळं त्यांना आठवत होतं. शीलाने बातमी सांगितली तेव्हा त्यांनी तिचा हात हातात घेतला. पण खुणांचं काम ऐकून त्या ओशाळल्या. आम्हाला शाळेत हात वापरू देत नसत, मला त्या खुणा येत नाहीत, असं त्यांनी सरळ सांगितलं. आलातच तर मला यशूला बघू तरी द्या, म्हणाल्या.

लाइट आले. पंखा फिरू लागला. टीचरने डीव्हीडी लावली आणि चष्मा पुसून समोर बसल्या. यशूच्या हातांकडे त्या बघतच नव्हत्या. शेवट आला तसं त्यांनी रिमोट मागून घेतला, चित्र थोडं मागे नेलं आणि पुन्हा पाहिलं. मग आणखी एकदा.

"ती तोंडानेही बोलते आहे इथे," त्या म्हणाल्या.

शीलाला कळलं नाही. टीचर उठून टीव्हीजवळ गेल्या आणि यशूच्या ओठांशी बोट धरलं.

"इथे बघा, शीलाताई. हात सोडा. जीभ मागे आहे आधी, मग टाळूला लागते. मीच शिकवलंय तिला." त्यांनी बोट खाली घेतलं. "'गेलं' म्हणते आहे. दोनदा म्हणाली."

शीलाने पाहिलं. तेवीस वर्षं ती पोरीच्या हातांकडे बघत आली होती, ओठांकडे बघायची तिला कधी गरज पडली नव्हती. पोटावर हात. दोन बोटं. मूठ उघडली, मान खाली गेली, आणि त्या खाली गेलेल्या चेहऱ्यावर ओठ हलले. ते लाजणं नव्हतं. आता तर ते इतकं उघड दिसत होतं, की आपण दुसरं काही कसं पाहिलं हेच तिला कळेना.

मिलिंद उठून गॅलरीत जाऊन उभा राहिला. टीचरने टीव्ही बंद केला.

"आमच्यात त्याला खूणच नव्हती," शीला म्हणाली. "असं काही आम्हाला कधी बोलावंच लागलं नाही."

घरी पोचल्यावर मिलिंदने फोन काढला, पण काय लिहावं ते त्याला सुचेना. शीला म्हणाली, काही लिहू नका, फक्त 'येते' लिहा. सुट्टीसाठी ती कंपनीत कुणापुढे फार बोलली नाही. मिलिंदला लगेच रजा मिळेना, तर ती एकटीच निघाली. कल्याणहून इंदूरची बस होती. नाशिकच्या पलीकडे ती कधी गेली नव्हती, आणि एकटी तर नाहीच. बसमध्ये पदराखाली तिचा हात सारखा तीच खूण करत होता. मूठ छातीशी, मग बाजूला, मग बोटं.

आकाश स्टँडवर घ्यायला आला होता. घराच्या दाराशी त्याने घंटीचं बटण दाबलं, तसा आत दिवा लागला आणि विझला. दार यशूने उघडलं. शीलाने पिशवी खाली ठेवली. एक हात पोटावर ठेवला, आणि बसमध्ये घोटलेली ती खूण करून दाखवली.

 यशूने पुढे होऊन आईचा हात धरला. बोटं उघडण्याचा क्रम शीलाने उलटा केला होता. यशूने तो नीट लावला, करंगळी आधी, अंगठा शेवटी. आईचा हात हातात धरून तिने ती खूण पूर्ण करून घेतली आणि तिथेच, उंबऱ्याशी, दोघी खाली बसल्या. यशूचं रडणं मोठ्याने यायचं, तिला ते किती मोठं आहे हे कळायचं नाही. वरच्या मजल्यावरची बाई जिन्यात येऊन उभी राहिली आणि आकाशने तिला हातानेच, काही नाही, असं सांगितलं.

त्या दिवसांत यशूने सगळं सांगितलं. पोटातलं दोनच महिन्यांचं होतं. सासू महूला, दवाखान्यात दोघंच होती; नर्सच्या तोंडाला मास्क होता, म्हणून ओठ वाचता आले नाहीत. आकाशने कागदावर लिहून विचारलं, नर्सने इंग्रजीत लिहून दिलं, दोघांनाही तो शब्द माहीत नव्हता. मंडळातल्या एका वयस्कर बाईंनी घरी येऊन खुणेने सांगितलं, तेव्हा कळलं. ती खूण यशू त्यांच्याकडूनच शिकली होती.

मला का नाही बोलावलंस, असं शीलाने विचारलं.

यशूने आश्चर्याने तिच्याकडे पाहिलं. बोलावलं होतं, ती म्हणाली. पहिल्याच व्हिडिओत. शेवटच्या तुकड्यात, कितीतरी वेळा. तिने करून दाखवलं, पंजा उपडा, बोटं आपल्याकडे, पुन्हा आणि पुन्हा. शीलाला तो तुकडा आठवला. पहिल्या सीडीवरचा शेवटचा. त्यात काही नव्हतं. कातडीच्या रंगाचे चौकोन तेवढे हलत होते, आणि नंतर नंतर तो तुकडा आला की ती पुढे सरकवायची.

हे तिने लेकीला सांगितलं नाही. नुसती मान हलवली आणि तिचं डोकं मांडीवर घेतलं.

रविवारी यशू तिला मंडळाच्या हॉलमध्ये घेऊन गेली. तिथे सगळे हातांनी बोलत होते, खोलीच्या या टोकाकडून त्या टोकाला. यशू त्यांच्यात मिसळली तशी तिचे हात इतक्या वेगाने चालू लागले, की शीलाला एक शब्द धरता येईना. ती भिंतीशी चहा घेऊन बसली. घरी चार भिंतींत आपल्याशिवाय कुणाशी बोलता न येणारी ही पोर, हिला आज वीस माणसं एकदम उत्तरं देत होती. शीलाला रडू आलं आणि ते कशाचं, हे तिने स्वतःला विचारलं नाही. बायकांनी येऊन तिला तिचं हाताचं नाव विचारलं. तिने कपाळाला बोट लावलं. त्या हसल्या, कारण तिथे त्या खुणेचा अर्थ दुसराच काहीतरी होता. यशूने मग त्यांना समजावलं, लांबलचक काहीतरी, आणि त्या सगळ्यांनी एकेक करून शीलासाठी कपाळाला बोट लावलं.

परतीची बस संध्याकाळची होती. आदल्या दिवशी दोघींनी ठरवलं होतं, की दर सीडीत यशू आधी चार-पाच नव्या खुणा दाखवील आणि मग बोलेल. शीला खिडकीशी बसली. काच उघडणारी नव्हती. बसमधल्या बाकीच्यांचं निरोपाचं बोलणं काचेपाशी अडकलं होतं. लोक कानाशी हात नेऊन फोन करण्याच्या खुणा करत होते आणि गप्प होत होते. शीला आणि यशू मात्र बोलतच राहिल्या. जेवत जा. पप्पांना सांग. आकाशला ओरडू नकोस. डागाला खोबरेल लाव. बस हलली तरी यशू काचेच्या बाजूने चालत बोलत होती, आणि गेटपाशी गर्दीने अडवलं तेव्हा तिथेच थांबून बोलत होती.

शीला उठून मागच्या काचेशी गेली. यशूने हात डोक्याच्या वर उचलले होते, मोठे मोठे करून ती काहीतरी सांगत होती. बस वळणाला लागेपर्यंत हात दिसत होते. शीला हो, हो म्हणत राहिली.

जागेवर येऊन बसली तेव्हा शेजारच्या बाईने विचारलं, "बिटिया थी? क्या बोल रही थी?"

"पूरा नहीं दिखा," शीला म्हणाली. "बहुत कुछ बोल रही थी."